लेकीच्या घरचं पाणी

आमच्या लग्नाला चार वर्षं झाली होती आणि माझ्या वडिलांनी माझ्या घरी पाण्याचा एक घोट घेतला नव्हता. भांडण नव्हतं की रुसवा नव्हता. लेकीला मूल होईपर्यंत तिच्या घरचं काही खायचं-प्यायचं नाही, असा आमच्याकडे रिवाज होता आणि अण्णा तो पाळत होते, इतकंच. आमच्या नात्यात बाकीचे लोकही हा रिवाज पाळायचे, पण माणसासारखा पाळायचे. कुणी लेकीच्या हातावर काहीतरी ठेवून जेवायला बसायचं, कुणी नुसती फळं खाऊन उठायचं. अण्णा असल्या वाटांना पळवाटा म्हणत.

गिरगावातून ते वर्षातून दोनदा आमच्याकडे बोरीवलीला यायचे. दारात चपला काढून खुर्चीच्या अगदी कडेला बसायचे, टोपी मांडीवर ठेवायचे, माझी आणि जावईबुवांची चौकशी करायचे आणि अर्ध्या तासात उठायचे. एकदा मे महिन्यात ते छत्री विसरून गेले. मी छत्री घेऊन मागे धावले तर अण्णा स्टेशनवरच्या नळाखाली ओंजळ धरून उभे होते. किती वेळ पीत होते कोण जाणे. मी तशीच मागे फिरले, छत्रीसकट. मला रडू आलं, आणि रडू आलं की मला राग येतो. त्या रागात मी घरी येऊन आमच्या ह्यांच्याशी भांडले. त्यांनी बिचाऱ्यांनी काहीच केलं नव्हतं. ते तेव्हा आडवे पडून पेपर वाचत होते, पण तेही मला पुरेसं वाटलं.

आई मात्र अण्णांच्या पाठीमागे माझ्या स्वयंपाकघरात येऊन, भिंतीकडे तोंड करून कपभर चहा प्यायची. "ह्यांना सांगू नको हं," असं दर वेळी सांगायची. मूल कधी होणार, हे तिने मला एकदाही विचारलं नाही. त्यासाठी मी तिची आजही ऋणी आहे. अण्णांनीही विचारलं नाही. पण न प्यायलेल्या पाण्याचं भांडं टेबलावर भरलेलं तसंच राहायचं, आणि ते गेल्यावर मला ते मोरीत ओतावं लागायचं. त्यापेक्षा विचारलेलं परवडलं असतं.

त्या वेळी बोरीवलीला कुणी मुंबईत धरत नव्हतं. गिरगावातल्या माझ्या मैत्रिणी "संध्याकाळी वाघ येतो का गं तुमच्याकडे?" असं विचारायच्या. आधी आधी मी "छे गं" म्हणायची. मग माझ्या लक्षात आलं की वाघ नाही म्हटलं तर बोरीवलीत सांगण्यासारखं काहीच उरत नाही. तेव्हापासून मी "अगं, परवाच येऊन गेला" असं म्हणू लागले. घरी लिहिलेल्या पत्रांतून तर मी सुटलेच होते. आमच्या दोन खोल्या, सामाईक पडवी आणि चाळीच्या मागची विहीर यांच्याबद्दल मी अवाक्षर लिहीत नसे. लिहायची ते कान्हेरीच्या डोंगराबद्दल, दोन हजार वर्षांच्या लेण्यांबद्दल, तुळशी आणि विहार तलावांबद्दल. 'आमचा डोंगर' आणि 'आमचे तलाव' असं लिहायची. कुणाला वाटावं, ह्यांच्या आजोबांनी ते खणून ठेवलेत. प्रत्यक्षात यातलं मी काहीही पाहिलेलं नव्हतं. डोंगर गच्चीवरून दिसायचा, तोही कपडे वाळत नसतील तेव्हा.

एके दिवशी पोळ्या लाटताना मला ती युक्ती सुचली. अण्णा माझ्या घरचं पाणी पीत नाहीत. पण डोंगर काही माझं घर नाही. तलाव काही माझं घर नाही. मोटार ठरवायची, आई-अण्णांना दिवसभर फिरवायचं, डोंगरावर सतरंजी पसरायची, पुऱ्या वाढायच्या, आणि अण्णा खाऊन-पिऊन झाले की त्यांना कळायच्या आत चार वर्षांचा उपास सुटलेला! मी पोळी तव्यावर टाकायची विसरून पडवीत गेले आणि ह्यांना सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं आणि म्हणाले, "अण्णा तुझे वडील आहेत. तुझ्यापेक्षा हुशार असतील." मी ते कौतुक समजले.

तुळशी तलावावर जायला परवानगीची चिठ्ठी लागायची. ह्यांनी कचेरीतल्या कुणाच्या तरी ओळखीने ती मिळवली. मोटार मी ठरवली. आमच्या गल्लीच्या तोंडाशी एक मालवणी गृहस्थ राहायचे. पूर्वी गिरणीत होते, आता त्यांनी एक जुनी, लांबलचक मोटार घेतली होती आणि लग्नाच्या वरातींना ते ती भाड्याने द्यायचे. मोटारीच्या छपराला वरातीतल्या झेंडूच्या माळेचे दोरे कायम लोंबत असायचे. मी त्यांना विचारलं, डोंगर चढेल ना? ते म्हणाले, "बाईनू, काय्येक काळजी करू नकात. माझी गाडी बसान चढता." बसून कशी चढते ते मला समजलं नाही, पण त्यांच्या बोलण्यात दम होता.

अण्णांचं कार्ड आलं. 'रविवारी सकाळी येतो. आमचे खाण्याचे व पाण्याचे आम्ही आणतो.' दुसरं वाक्य मी वाचलं, पण मनावर घेतलं नाही. माझ्या पुऱ्यांपुढे त्या वाक्याचं काय चालणार?

होळी नुकतीच होऊन गेली होती. रविवारी मी पहाटेच उठून तिखटामिठाच्या पुऱ्या केल्या, बटाट्याची कोरडी भाजी केली आणि नारळाच्या वड्या करायला घेतल्या. वड्या काही पडेनात. पाक चुकला होता. शेवटी मी ते सगळं तसंच डब्यात भरलं आणि थंड झाल्यावर जमेल अशी आशा धरली. चाळीच्या विहिरीचं पाणी शेंदून कळशी भरली, तिच्यावर फडकं बांधलं. मग नवी साडी नेसले आणि उंच टाचांच्या नव्या चपला घातल्या. डोंगरावर जायला उंच टाचा कशाला, असा प्रश्न ह्यांच्या चेहऱ्यावर आलेला मी पाहिला. त्यांनी तो तोंडाने विचारला नाही, यावरूनच आमचं लग्न चार वर्षांचं झालं होतं हे कळावं.

स्टेशनवर आई-अण्णा आले. अण्णांच्या एका हातात दशम्यांचा डबा होता आणि दुसऱ्या हातात फिरकीचं झाकण असलेला पितळी तांब्या. त्या तांब्यात गिरगावच्या नळाचं पाणी होतं. दोन माणसांना दिवसभर पुरेल इतका तो मोठा होता. मला पाहून ते हसले आणि म्हणाले, "चल, दाखव तुझा डोंगर." मी तांब्याकडे पाहून न पाहिल्यासारखं केलं.

मोटारीत पुढे हे आणि मोटारवाले बसले, मागे आम्ही तिघं. पायाशी माझी कळशी आणि अण्णांचा तांब्या शेजारी शेजारी होते. जंगलाचा रस्ता सुरू झाला तसं माझं तोंडही सुरू झालं. वाचनालयातून आणलेल्या एका पुस्तकावरून मी आठवडाभर घोकंपट्टी केली होती. हा साग, हा पळस, इथे भिक्षू राहायचे, पावसाळ्यात चार महिने ते बाहेर पडत नसत. झाडांपैकी निम्मी मी अंदाजाने सांगत होते. अण्णा "हो का?" म्हणत होते. बऱ्याच वेळाने आई हळूच म्हणाली, "अगं, हे इथे येऊन गेलेत. कॉलेजात असताना. चालत."

"मग बोलला का नाहीत?" मी विचारलं.

"तू सांगत होतीस ना," अण्णा म्हणाले.

गाडी चढाला लागली आणि थोड्याच वेळात कण्हू लागली. पुढच्या बाजूने वाफ येऊ लागली. मोटारवाल्यांनी ती बाजूला घेतली, उतरून झाकण उघडलं आणि फडक्याने हात पुशीत खिडकीशी आले. "गाडयेक तान लागली हा. पाणी द्या जरा."

मी त्या वेळी अण्णांना विहार तलाव कुणी बांधला ते सांगत होते. बोलता बोलता वाकले, हाताला लागलं ते भांडं उचललं आणि खिडकीतून बाहेर दिलं. मोटारवाल्यांनी फिरकी काढली आणि सगळं पाणी गाडीच्या पोटात रिकामं केलं. शेवटचा थेंबसुद्धा त्यांनी तांब्या उपडा करून, हलवून आत पाडला. मग झाकण नीट लावून तांब्या परत दिला आणि म्हणाले, "बेस झाला."

"तो माझा तांब्या होता," अण्णा म्हणाले.

आईने माझ्याकडे असं पाहिलं की मी हे मुद्दाम केलं, अशी तिची खात्रीच झाली असावी. हे मागे वळले, त्यांचीही तीच खात्री दिसली. मी शपथेवर सांगते, मुद्दाम दिला नव्हता. कळशी जड होती आणि तांब्या जवळ होता, एवढंच. पण दिल्यावर मला जितकं वाईट वाटायला हवं होतं तितकं वाटलं नाही, हेही खरं आहे. आता अण्णांना माझ्या कळशीचं पाणी प्यावंच लागेल, हा विचार माझ्या मनात वाफ निवायच्या आत येऊन गेला होता.

मी लगेच म्हटलं, "त्यात काय एवढं? कळशी भरलेली आहे की."

"राहू दे," अण्णा म्हणाले. "लेण्यांत टाकी आहेत. पाहिलेली आहेत मी. ते पाणी कुणाच्या घरचं नाही."

आणि त्यांनी तो रिकामा तांब्या मांडीवर घेतला.

डोंगरापाशी पोचलो तेव्हा ऊन चांगलंच चढलं होतं. एरवी तिथे काकडीवाल्या बसतात म्हणे, त्या दिवशी एकही नव्हती. पायऱ्या चढताना दहाव्या पायरीला माझी एक टाच वाकली आणि विसाव्याला तुटली. मग मी चपला हातात घेतल्या. काळा कातळ तापलेला. मी सावलीच्या तुकड्यावरून सावलीच्या तुकड्यावर उड्या मारत चालले होते आणि वर मार्गदर्शकाचं कामही सोडवत नव्हतं. मोठ्या चैत्याच्या खांबांपाशी उभं राहून "पाहा, केवढी ही भव्यता" असं म्हणत मी एका पायावर उभी होते. अण्णा घामाने भिजले होते. साठी ओलांडलेला माणूस, कोट अंगात, टोपी डोक्यावर, काखेत तांब्या. ओठ कोरडे पडलेले दिसत होते. आईने दोनदा म्हटलं, "अहो, घोटभर घ्या ना." त्यांनी मान हलवली. तिने स्वतःही त्यांच्यासमोर पाणी घेतलं नाही. मग मला तरी कसं घ्यावंसं वाटणार? हे आणि मोटारवाले मात्र त्यांनीच वर वाहून आणलेली माझी कळशी वाकवून दोनदोनदा प्याले. मोटारवाले म्हणाले, "ह्या खंयचा पाणी? गोड आसा हां." मी मुद्दाम मोठ्याने सांगितलं, "आमच्या चाळीच्या विहिरीचं." अण्णा लेण्यातला शिलालेख वाचत राहिले. तो त्यांना वाचता येत नव्हता.

टाकं सापडलं. खडकात कोरलेलं, चौकोनी, दोन हजार वर्षांचं. अण्णा त्याच्या काठाशी तांब्या घेऊन वाकले आणि तसेच थांबले. पाण्यावर हिरवा थर होता आणि त्यावर एक केळ्याची साल तरंगत होती. पलीकडच्या काठावर माकडांचं एक कुटुंब बसलं होतं. त्यातलं एक पिल्लू आमच्यादेखत पाण्यात उतरलं, अंग भिजवून वर आलं आणि आईच्या कुशीत शिरलं.

"ता पिव नकात," मोटारवाले म्हणाले. "माकडां न्हातत त्येच्यात."

अण्णा सरळ उभे राहिले. त्यांनी तांब्या पुन्हा काखेत घेतला. मला त्या क्षणी त्यांच्याबद्दल दया यायला हवी होती. आला तो राग. एका माकडिणीला पोर आहे म्हणून ती खुशाल कुठल्याही काठावर बसते, असलं काहीतरी माझ्या मनात आलं. मी लिहिते आहे म्हणून आज मान्य करते, त्या दिवशी मी माकडिणीचा हेवा केला.

सावलीत सतरंजी पसरली. मी पुऱ्यांचा डबा उघडला. अण्णांनी आपला डबा उघडला आणि पुन्हा मिटला. कोरड्या घशाखाली दशमी उतरत नव्हती. आई त्यांच्यासाठी थांबली. मी आईसाठी थांबले. आमच्या ह्यांना असल्या वेळी काय करावं ते सुचत नाही, आणि सुचलं नाही की ते खातात. शेजारी मोटारवाले होतेच. "बरे झालेत हां," असं म्हणत म्हणत त्या दोघांनी सगळ्या पुऱ्या आणि भाजी संपवली. मी सतरंजीच्या टोकाला बसून तळव्यांना फुंकर घालत होते. चार वर्षांचा उपास सोडवायला निघाले होते मी, आणि अण्णांच्या जोडीला आईला आणि स्वतःलाही उपास घडवला होता.

तुळशीच्या रस्त्याला लागलो. मी आता गप्प होते. रस्ता वळला आणि झाडांच्या मागे एकदम पाणी दिसलं. मी इतकी पत्रं लिहिली होती, पण ते असं असेल हे मला माहीत नव्हतं. डोंगरांच्या मधोमध निळं, स्वच्छ, काठापर्यंत भरलेलं पाणी, आणि आजूबाजूला चिटपाखरू नाही. "अगंबाई!" मी म्हटलं. म्हणजे मी ते पहिल्यांदाच पाहते आहे, हे सगळ्यांना कळलं.

बांधाशी एक रखवालदार होता. त्याने चिठ्ठी पाहिली, आम्हाला मोजलं आणि सूचना दिल्या. बांधावरून चालायचं. खाली उतरायचं नाही. पाण्याला हात लावायचा नाही. हातपाय धुवायचे नाहीत, चूळ भरायची नाही, थुंकायचं नाही.

"घोटभर प्यायला?" आईने विचारलं.

"अजिबात नाही, आजी. मुंबईचं प्यायचं पाणी आहे हे."

अण्णा बांधावर उभे राहून त्या पाण्याकडे पाहत होते. त्यांनी तहानेने ओठांवरून जीभ फिरवली. मग विचारलं, "जातं कुठे हे?"

"नळातून शहरात. मलबार हिलच्या टाकीत. तिथून खाली सगळीकडे."

"गिरगावात?"

"गिरगावातच की."

मला एवढं पुरे झालं. माझी सगळी मरगळ गेली. आमच्या बोरीवलीला तेव्हा तलावाचं पाणी मिळतच नव्हतं, आम्ही आपले विहीर शेंदायचो. तळं आमच्या उशाला आणि पाणी पिणार गिरगाव! मी अण्णांच्या समोर जाऊन उभी राहिले, हातात तुटकी चप्पल तशीच. "ऐकलंत ना? रोज सकाळी तांब्या भरता तो या पाण्याने. माझ्या घरामागच्या तलावाच्या पाण्याने! जन्मभर माझ्या घरचं पाणी पिताय तुम्ही. आता काय कराल?"

अण्णा म्हणाले, "तलाव म्युनिसिपालिटीचा आहे. तुझ्या सासऱ्यांचा नव्हे."

हे हसले. आई हसली. रखवालदारसुद्धा हसला. मलाही हसू यायला हवं होतं, कारण उत्तर चोख होतं, आणि अशी चोख उत्तरं द्यायची सवय मला त्यांच्याकडूनच लागली होती. पण माझ्या तोंडून वेगळंच बाहेर पडलं. ते मी ठरवलं नव्हतं, आठवडाभराच्या घोकंपट्टीत ते नव्हतं.

"आणि मूल झालंच नाही तर?" मी म्हटलं. "मग कधीच पिणार नाही का माझ्याकडे? स्टेशनवरच्या नळाखालीच ओंजळ धरणार? मी पाहिलंय तुम्हाला. मूल नसलं तर मी तुमची कुणीच नाही का?"

"गप्प बस गं," आई म्हणाली. तिचा आवाज चिरका झाला होता. हे मोटारवाल्यांना घेऊन बांधावर जरा पुढे गेले. आमचे हे तशा बाबतीत शहाणे आहेत.

अण्णांनी टोपी काढून कपाळ पुसलं. टोपी पुन्हा घातली. मग बांधाच्या कडेच्या दगडावर बसले, रिकामा तांब्या बाजूला ठेवला.

"कळशीत उरलंय का काही?"

"आहे."

"कुणी शेंदलं?"

"मी. पहाटे."

"आण."

मी अनवाणी धावले. तळवे पोळताहेत हे मला परत येईपर्यंत कळलंच नाही. त्यांच्यासाठी मोटारीतून पेला आणायचं भान मला राहिलं नव्हतं. "पेला..." असं मी म्हणते आहे तोवर त्यांनी दोन्ही हात जोडून ओंजळ पुढे केली होती. मी कळशी वाकवली. पहिली धार त्यांच्या कोटाच्या बाहीत गेली. मग ओंजळीत पडली. ते प्याले. पुन्हा ओंजळ धरली. पुन्हा प्याले. मी ओतत राहिले.

पलीकडून रखवालदार ओरडत आला, "ओ आजोबा! हात धुवायला मनाई आहे इथं! एकदा सांगितलं ना!"

"धूत नाही रे बाबा," अण्णा म्हणाले. हनुवटीवरून पाणी गळत होतं. "पितोय. लेकीच्या हातचं पितोय."

मग त्यांनी आईकडे पाहिलं. "तू पण घे. की तुझं घरीच होतं, भिंतीकडे तोंड करून?"

आई लाजेने लाल झाली. चार वर्षं त्यांना सगळं ठाऊक होतं.

"खायला काय आहे?" अण्णांनी मला विचारलं. मी डबे उघडून पाहिले. पुऱ्यांचा चुरा होता. वड्यांच्या डब्यात ऊन लागून अधिकच पातळ झालेला खोबऱ्याचा लगदा होता. तेवढाच होता. तो मी त्यांच्यापुढे ठेवला, कारण दुसरा इलाज नव्हता. त्यांनी दशमीला लावून तो खाल्ला आणि सगळा संपवला. "खीर बरी झालीय," म्हणाले. मी खीर नाही असं सांगितलं नाही. माझ्या आयुष्यात मी एखादी चूक न सुधारता सोडल्याचा तो पहिला प्रसंग असावा.

परतताना मी मागच्या सीटवर दोघांच्या मध्ये बसले होते आणि एकही झाड ओळखून दाखवलं नाही. विहार तलाव पाहायचा राहून गेला. पुढे कधीतरी पाहू म्हणालो, ते तसंच राहिलं.

मूल आम्हाला झालं नाही. डॉक्टर झाले, वैद्य झाले, आईने कुठे कुठे नवस केले, आणि मग एका वर्षी आम्ही दोघांनी त्याबद्दल बोलायचं थांबवलं. अण्णांनी तर कधी काढलंच नव्हतं. पण त्या सहलीनंतर तिसऱ्या रविवारी दुपारी दाराची कडी वाजली. उघडून पाहते तर अण्णा, एकटेच, न कळवता आलेले. चपला काढून आत आले आणि या वेळी खुर्चीत पाठ टेकून बसले. मी पाण्याचं भांडं आणलं. ते प्याले, रिकामं करून माझ्या हातात दिलं. मग पिशवीतून फिरकीचा तांब्या काढला आणि झाकण उघडून माझ्यापुढे धरला. तो रिकामाच आणला होता.

"भर," म्हणाले. "घरी न्यायला."